इंदुरात दोन दिवस, खाण्याच्या वेळा सांभाळून

नमस्कार श्रोतेहो.

थंडी पडू लागली की बऱ्याच घरांत एक बोलणं निघतं. शनिवार-रविवार जोडून कुठेतरी जाऊन येऊ या. प्रवास फार नको, आजी-आजोबांना झेपायला हवं, मुलांना कंटाळा यायला नको आणि खायला चांगलं मिळायला हवं. अशा घरांना मी आज आग्रहाने इंदूर सुचवणार आहे. मुंबईहून संध्याकाळी अवंतिका एक्सप्रेसमध्ये बसलं की सकाळी इंदूर येतं. पुण्याहूनही थेट गाडी आहे.

आपल्याकडची पुष्कळ माणसं इंदूरला जातात, पण इंदूर बघत नाहीत. तिथे उतरतात, बॅगा टाकतात आणि उज्जैनला महाकालाच्या दर्शनाला जातात. दुसऱ्या दिवशी ओंकारेश्वर, आणि वेळ काढून महेश्वर किंवा मांडू. उज्जैन पंचावन्न किलोमीटर, महेश्वर नव्वदच्या पुढे. ही सगळी ठिकाणं मोठी आहेत, महेश्वरसाठी तर वेगळी सवड काढूनच जावं. पण दोन दिवसांत एवढं बसवायचं म्हटलं की दिवस गाडीत जातो आणि जेवण हमरस्त्यावरच्या ढाब्यावर उरकावं लागतं. म्हणून माझं सांगणं असं, की या खेपेला शहराची हद्द ओलांडूच नका.

इंदुरात काय बघायचं हे ठरवण्याआधी काय कधी खायचं ते ठरवा. या शहरात प्रत्येक पदार्थाची वेळ ठरलेली आहे आणि ती चुकली की तो पदार्थ हुकतो. बघण्याची ठिकाणं त्या वेळांच्या मधे आरामात बसतात.

पोह्यांची वेळ सकाळची. आपल्या कांदेपोह्यांसारखे हे कढईतून थेट ताटलीत येत नाहीत. उकळत्या पाण्याच्या वाफेवर ते मऊ ठेवलेले असतात, त्यांत बडीशेप असते, तेल बेताचं. वर शेव, कच्चा कांदा, कुठे डाळिंबाचे दाणे आणि सगळ्यावर भुरभुरलेला जिरावन मसाला. सोबत गरम जिलबी घ्यायची. आंबट-तिखट-गोड अशा त्या घासाने दिवस सुरू झाला की राजवाड्याकडे चालत निघायचं.

राजवाडा सात मजली आहे, खालचे तीन मजले दगडी, वरचे चार लाकडी. नीरेकाठच्या होळ गावावरून आडनाव घेतलेल्या घराण्याचे मल्हारराव होळकर, त्यांच्या काळात हा वाडा उभा राहू लागला. त्याला अनेकदा आग लागली. १९८४ च्या आगीत तर मोठा भाग गेला आणि पुढे तो नव्याने बांधून काढला. समोरच्या बागेत अहिल्याबाईंचा पुतळा आहे. अहिल्याबाईंनी कारभार केला तो महेश्वरहून. इंदूर होळकरांची राजधानी झालं १८१८ मध्ये, इंग्रजांशी झालेल्या मंदसोरच्या तहानंतर. हे मुलांना वाड्यासमोर उभं करून सांगा, म्हणजे शहराची मांडणी त्यांच्या लक्षात येईल. जवळच कान्ह नदीकाठी कृष्णपुऱ्याच्या छत्र्या, म्हणजे होळकरांच्या स्मारकवास्तू आहेत, आणि इतवारिया बाजारात शेठ हुकुमचंदांनी बांधलेलं काचेचं जैन मंदिर. त्याच्या भिंती, खांब, छत, सगळीकडे काचेचंच काम आहे. सगळं पायी होतं.

दुपारी दाल-बाफला जेवा, पण जेवल्यावर काही बघायचं ठेवू नका. बाटी म्हणजे कणकेचा गोळा, ती नुसती भाजतात. बाफला आधी उकडतात, मग भाजतात आणि तुपात बुडवतात. दोन बाफले खाल्ले की मोठ्या माणसालाही झोप येते. तेव्हा झोपाच. रात्री जागायचं आहे.

आता सराफा. दिवसभर ही सोन्या-चांदीच्या दुकानांची गल्ली असते. रात्री दुकानांची शटर खाली आली की त्यांच्याच पायऱ्यांपुढे खाण्याच्या गाड्या लागतात. पेढीवाल्यांनी हे सुरू होऊ दिलं, कारण माणसांचा राबता असला की दुकानांची राखण आपोआप होते, असं जुनी माणसं सांगतात. आठला गेलात तर अर्धा बाजार लागलेला नसतो. साडेनऊ-दहाला जा. मध्यरात्र उलटली तरी गर्दी हटत नाही.

एका माणसाने एक पदार्थ पूर्ण संपवायचा नाही, हा माझा सराफ्यातला पक्का नियम आहे. चौघांत एक पानाचा द्रोण. आधी भुट्टे का कीस. कोवळी मक्याची कणसं किसून तुपात परततात, दुधात शिजवतात, त्यात हिरवी मिरची. चव सौम्य असते, म्हणून तो पहिला. मग दहीवडा, मग गराडू. गराडू हा कंद, तळून वर लिंबू आणि जिरावन घालून देतात. तो फक्त थंडीत मिळतो, आणि तेवढ्यासाठी तरी ही सहल डिसेंबर-जानेवारीत करावी असं मला मनापासून वाटतं. उपासाची साबुदाणा खिचडी तिथे मोकळी, वर फराळी शेव घालून देतात, तीही चाखा. शेवटी मावाबाटी ही खव्याची मिठाई आणि एक जलेबा. ही एकच जिलबी चौघांना पुरते. शिकंजी मात्र दुसऱ्या दिवसावर ढकला. इथली शिकंजी आटवलेल्या दुधाची, केशर-सुकामेव्याची, घट्ट असते.

सराफ्यात सगळं शाकाहारी. आणि लहान मुलांना रात्री उघड्यावर खायला घालायचं म्हणून जी काळजी वाटते, ती इथे कमी वाटेल. २०१७ पासून सलग कित्येक वर्षं हे शहर स्वच्छ सर्वेक्षणात देशात पहिलं आलं. रात्री बारालाही ओल्या-सुक्या कचऱ्याचे वेगळे डबे भरलेले दिसतात आणि द्रोण त्यांतच पडलेले असतात. हे गाडीवाल्यांनी आणि खाणाऱ्यांनी मिळून जपलेलं आहे, त्याचं मला फार कौतुक आहे.

मुक्काम राजवाड्याच्या आसपासच घ्या. सराफा तिथून चालत आहे, गल्लीत गाडी जात नाही, आणि पेंगुळलेल्या मुलांना घेऊन रिक्षा शोधत बसावं लागत नाही.

रविवारी सकाळी लालबाग. १८८६ मध्ये काम सुरू होऊन १९२१ मध्ये पूर्ण झालेला हा होळकरांचा राजवाडा. याचं फाटक लंडनच्या बकिंगहॅम राजवाड्याच्या फाटकाच्या धर्तीवर केलेलं आहे. सोमवारी तो बंद असतो, म्हणून सोमवारची रजा जोडणाऱ्यांनी दिवस उलटसुलट करू नयेत. दुरुस्तीची कामं निघतात, तेव्हा हॉटेलातून आदल्या दिवशी चौकशी करा. तिथून पलासियाच्या छप्पन दुकानला या. नावाप्रमाणे छप्पन दुकानांची ही रांग दिवसा चालू असते, म्हणून परतीच्या दिवसाला ती सोयीची. बसायला जागा आहे, आजी-आजोबांना बरं पडतं. इथे खोपरा पॅटिस घ्या. बटाट्याच्या आवरणात ओल्या खोबऱ्याचं सारण असतं. आदल्या रात्री पुढे ढकललेली शिकंजी इथे प्या.

परतीची अवंतिका दुपारनंतर सुटते. स्टेशनवर जाण्याआधी लवंगी शेव आणि जिरावनचं पाकीट घ्यायला अर्धा तास राखून ठेवा, आणि गाडीत रात्रीचं जेवण मागवू नका, भूक लागणार नाही.

नमस्कार.