पावती जपणारा माणूस

ठाणेकर रसिकहो, पत्रिकेत विषय छापलाय, ‘निशिकांत कामत : थरारपटांची कारकीर्द’. कारकिर्दीकडे येतोच, पण आधी मला एका बाटलीबद्दल बोलायचंय.

दिग्दर्शक कामतांचा पहिला चित्रपट, २००५ सालचा ‘डोंबिवली फास्ट’, तुम्ही सगळ्यांनी पाहिलाय. माधव आपटे, बँकेतला सरळमार्गी माणूस. थंड पेयाच्या बाटलीवर दुकानदार छापील किमतीहून जास्त पैसे मागतो आणि ठिणगी पडते, आपटे बॅट उचलतो. मी तो बाबांबरोबर पाहिला. बाबाही बँकेतलेच. आमच्या घरी बिस्किटांच्या जुन्या डब्यात पावत्या असायच्या. विजेची बिलं, शाळेची फी, मिक्सरच्या वॉरंटीचा कागद. मिक्सर भंगारात गेला, कागद राहिला! तुमच्यापैकी किती जणांच्या घरी असा डबा आहे? बघा, अर्धं सभागृह हसतंय.

तर सिनेमा सुटला. स्टेशनबाहेर एका टपरीवर बाबांनी तीच ती बाटली मागितली. टपरीवाला म्हणाला, दोन रुपये जास्त, कूलिंगचे. बाबा म्हणाले, “तसं लिहून पावती द्या.” तो म्हणाला, “घ्यायची तर घ्या काका, मागे लोक उभेत.” मागे खरंच लोक उभे होते. संध्याकाळचं ठाणे स्टेशन, तुम्हाला काय सांगायचं! घाटकोपरपासून दाराकडे सरकत आलेली, घामानं चिंब झालेली माणसं. कुणालाच तिथे आणखी पाच मिनिटं नको होती. बाबांनी बाटली जपून परत ठेवली आणि चालू लागले. घरी आल्यावर मला म्हणाले, “आपट्यानं बॅट उचलायला नको होती. पण बाटली खाली ठेवताना माझा हात थरथरत होता.”

माझं सगळं म्हणणं त्या थरथरत्या हातात आहे. कामतांच्या नायकाच्या रागाआधी त्याचा हिशेब सुरू झालेला असतो. पै-पैची नोंद ठेवणारा माणूस एक दिवस वही मिटतो, तिथून त्यांचा थरार सुरू होतो. त्यांना ‘रिमेकवाला’ म्हणून निकालात काढतात, तेव्हा मला फार वाईट वाटतं. ‘फोर्स’, ‘दृश्यम’, ‘रॉकी हँडसम’ या कथा मूळच्या त्यांच्या नव्हत्या, मान्य. पण दिग्दर्शक कुठल्या कथेपाशी थांबतो, हेही त्याचंच म्हणणं असतं ना?

अध्यक्षांची चिठ्ठी आली. पाच मिनिटं. आता कारकीर्द पळतच सांगतो.

पहिल्याच चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार. तोच चित्रपट त्यांनी तमिळमध्ये माधवनला घेऊन पुन्हा केला. २००८ साली ‘मुंबई मेरी जान’. ११ जुलै २००६ च्या लोकलमधल्या स्फोटांनंतरचं शहर. परेश रावळांचा हवालदार निवृत्तीचे दिवस मोजतो, इथेही मोजदाद आलीच. २०११ चा ‘फोर्स’ म्हणजे जॉन अब्राहमनं उचललेली मोटारसायकल आणि विद्युत जामवालचा खलनायक. २०१४ ला ‘लय भारी’. हे दोन माझ्या सूत्रात बसत नाहीत आणि मी ते ओढूनताणून बसवणारही नाही. पण ‘लय भारी’तल्या रितेश देशमुखच्या ‘माऊली’ला मिळालेल्या शिट्ट्या अजून कानात आहेत.

मग २०१५ चा ‘दृश्यम’. गोव्यातला चौथी नापास केबलवाला, समोर तब्बूची पोलीस महानिरीक्षक. तिच्यापुढे तो काय ठेवतो? बसची तिकिटं, हॉटेलचं बिल, सिनेमाची तिकिटं. बाबांच्या डब्यातलाच ऐवज! अख्ख्या चित्रपटात पिस्तुलापेक्षा कागदाच्या कपट्याची भीती जास्त वाटते. कथा जीतू जोसेफ यांची, पण मराठी घरातल्या माणसाला ती आपलीच वाटली.

२०१६ ला दोन चित्रपट. ‘रॉकी हँडसम’चा नायक गहाणवटीचं दुकान चालवतो, आणि खलनायक स्वतः कामत! ‘मदारी’त पूल कोसळून मुलगा गमावलेला बाप गृहमंत्र्यांच्या मुलाला पळवतो. त्याला खंडणी नको असते, जबाबदार कोण एवढं उत्तर हवं असतं. इरफाननं त्या बापाचा आवाज कुठेही चढू दिला नाही.

इरफान २९ एप्रिल २०२० ला गेला, कामत १७ ऑगस्टला, हैदराबादला, पन्नासाव्या वर्षी. तेव्हा थिएटरं बंद होती. म्हणून आयोजकांना हात जोडून विनंती आहे, पुढच्या वर्षी या दिवशी व्याख्यान ठेवू नका. इथे पडदा लावा आणि ‘डोंबिवली फास्ट’ दाखवा. बाबा आता ऐंशीचे आहेत, त्यांना मी घेऊन येतो.