टेबल कोणी दिलं?

(दर्यापूर तालुक्यातल्या एका गावी, सार्वजनिक वाचनालयाच्या व्याख्यानमालेत एका निवृत्त वकिलांनी केलेलं भाषण. थोडं संपादून.)

अध्यक्ष महाशय, सरपंचताई, आणि दिवसभर कापूस वेचूनही इथं आलेले तुम्ही सगळे. पत्रिकेवर विषय छापलाय, 'वकिली आणि न्यायसंस्थेतले अल्पसंख्याक अग्रणी'. हे बारसं ग्रंथपालांनी केलं. मी फोनवर एवढंच म्हटलं होतं की टेबलावर बोलतो. त्यांना वाटलं, वकीलसाहेब टेबलावर उभे राहून बोलणार. (हशा)

पहिला मुसलमान न्यायाधीश, पहिला बौद्ध सरन्यायाधीश, अशी मोजणी आपण करतो. करावी. पण त्याच्या आधी काय झालं ते मला मोजायचं आहे. या माणसाला बसायला पहिलं टेबल कोणी दिलं? सनद, म्हणजे वकिलीचा परवाना, ही विहीर आहे, राजेहो. आपल्या खारपाणपट्ट्यात विहीर खोदली की पाणी लागतंच. तोंडात घेतलं की कळतं, खारं आहे.

माझंच सांगतो. ऐंशी सालच्या आसपास मी सनद घेऊन एका तालुक्याच्या कोर्टात गेलो. कोणता तालुका ते विचारू नका, तिथले दोघं-तिघं अजून हयात आहेत. बार रूममध्ये एक टेबल मोकळं होतं, त्याचे मालक वारले होते. त्याच्यावर सगळ्यांचे जेवणाचे डबे ठेवलेले. मी अदबीनं विचारलं, इथं बसू का? एक ज्येष्ठ चष्म्यावरून बघत म्हणाले, 'अरे, ते डब्यांचं टेबल आहे.' बस. कोणी मला जा म्हटलं नाही. आडनाव मात्र सगळ्यांनी विचारलं, गाव विचारलं, मग गावात घर कोणत्या बाजूला तेही विचारलं. डब्यांना टेबल होतं, मला नव्हतं.

कोर्टासमोर एक दर्जी होते, सगळे त्यांना चाचा म्हणत. माझा काळा कोट त्यांनीच उधारीवर शिवलेला. मला निंबाखाली फाईल मांडीवर घेऊन लिहिताना त्यांनी तीन-चार दिवस पाहिलं असेल. मग म्हणाले, 'वकीलसाब, दुपारून मी नमाजले अन् जेवाले जातो. दोन घंटे टेबल रिकामंच असते. बसत जा.' कापड बेतायचं लांबलचक टेबल. एका कडेला कात्री, दुसऱ्या कडेला मी. माझा पहिला दावा, धुऱ्याचा म्हणजे शेताच्या बांधाचा, त्या टेबलावर लिहिला. खडूची भुकटी अशी की अशील मला बघून हात झटकायचे.

आता गंमत ऐका. पहिल्या पेशीला मी वकीलपत्र दाखल केलं. न्यायाधीश महाराजांनी ते उलटून पाहिलं आणि मोठ्यानं वाचलं, 'छाती ३८, बाही २३.' चाचांनी हाताशी आलेल्या कागदावर कोणाचं तरी माप टिपून ठेवलं होतं! सगळं कोर्ट थांबलं. साहेब म्हणाले, 'हे माप अशिलाचं की वकिलाचं?' (हशा) मी म्हटलं, साहेब, दोघांपैकी कोणाचीच छाती एवढी नाही. त्या दिवशी बार रूममध्ये मला पहिला चहा मिळाला. उभ्यानं.

धुऱ्याचा निकाल लागायला नऊ वर्षं लागली. तोवर चाचांची नजर गेली होती, सुई मीच ओवून द्यायचो. असो. हे सांगण्यात माझी वीस मिनिटं गेली, अध्यक्ष घड्याळ पाहून राहिले.

तर बद्रुद्दीन तय्यबजी. १८६७ साली मुंबई हायकोर्टात आलेले पहिले भारतीय बॅरिस्टर. सगळे इथंच थांबतात. त्यांचे थोरले भाऊ कमरुद्दीन आधीच सॉलिसिटर होते, हे कोणी सांगत नाही. मुंबई हायकोर्टाच्या मूळ शाखेत, म्हणजे दावे थेट हायकोर्टातच लागायचे तिथं, बॅरिस्टरला पक्षकार थेट भेटायचा नाही, काम सॉलिसिटरकडून यायचं. म्हणजे घरातच टेबल! वडील मोठे व्यापारी. यात बद्रुद्दीन लहान होत नाहीत. राजद्रोहाच्या खटल्यात टिळकांना आधी नाकारलेला जामीन ऑगस्ट १८९७ मध्ये दिला तो न्यायमूर्ती तय्यबजींनीच. टिळकांच्या बाजूनं उभे होते दिनशा दावर, पारशी. आणि १९०८ साली हेच दावर न्यायासनावर बसले आणि टिळकांना सहा वर्षांची शिक्षा सुनावली. त्या वेळी जामीन मागायला उभे राहिले बॅरिस्टर जिना, तो दावरांनी नाकारला. अल्पसंख्याक म्हटलं की सगळे एका दावणीचे, असं समजणाऱ्यांनी हा खटला वाचावा. आणि त्या पहिल्या खटल्यात शिक्षा होऊन टिळक आत असतानाच, डिसेंबर १८९७ मध्ये, काँग्रेस आपल्या अमरावतीला भरली होती. तिचे अध्यक्ष शंकरन नायर, तेही वकीलच. यावर वेगळं व्याख्यान ठेवा, मानधन नको, नुसतं ज्वारीच्या कण्यांवर येतो.

छागलांना टेबल दिलं जिनांनी, आपल्या चेंबरमध्ये. पुढं दोघांच्या वाटा किती फाटल्या ते तुम्हाला ठाऊक आहे. जिना कराचीला गेले, आणि त्याच १९४७ साली छागला मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती झाले.

आता बाबासाहेब. कोणी म्हणेल, १९२३ साली ते बौद्ध कुठं होते? नव्हते, दीक्षा १९५६ ची. पण टेबलाचा हिशेब त्यांच्याशिवाय लागत नाही. ग्रेज इनचे बॅरिस्टर, कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या, आणि सनदेच्या पैशाला मदत करावी लागली मित्राला, नवल भथेनांना. तेही पारशी. सनद मिळाली, पण सॉलिसिटर काम देईनात. तय्यबजींसारखा भाऊ घरात नव्हता ना! मग परळच्या दामोदर हॉलमधलं ऑफिस, गोरगरिबांचे खटले, आणि खर्च भागवायला बाटलीबॉयांच्या अकाउंटन्सी संस्थेत व्यापारी कायदा शिकवणं. १९२६ साली पुण्यात ब्राह्मणेतर चळवळीतल्या जेधे-जवळकरांचं अपील जिंकलं तेव्हा जरा नाव झालं. एवढ्या पदव्यांच्या माणसाची ही गत, तर माझ्या डब्यांच्या टेबलाची तक्रार ती काय?

(इथं चिठ्ठी आली.) 'शेवटची एसटी साडेनऊला. आटोपतं घ्यावे.' आटोपतो. ज्यासाठी तुम्ही आलात ते आता पळत सांगतो.

मोहम्मद हिदायतुल्ला. नागपूरच्या मॉरिस कॉलेजचे, मग केंब्रिज, लिंकन्स इन. १९३० पासून नागपुरात वकिली. तेव्हा तिथं हायकोर्ट नव्हतं, ज्युडिशियल कमिशनरचं कोर्ट होतं. हायकोर्ट आलं १९३६ ला. यांना मोठं टेबल दिलं सरकारनं: १९४२ ला सरकारी वकील, १९४३ ला मध्यप्रांत-वऱ्हाडचे महाधिवक्ता. १९४६ ला न्यायाधीश, १९५४ ला नागपूरचे मुख्य न्यायमूर्ती, १९६८ ला देशाचे पहिले मुसलमान सरन्यायाधीश. १९६९ मध्ये महिनाभर हंगामी राष्ट्रपती, त्याच महिन्यात निक्सन दिल्लीला आले. म्हणजे आपल्या हायकोर्टातल्या माणसानं अमेरिकेच्या अध्यक्षाचं स्वागत केलं.

कपाडिया, मुंबईचे पारशी. चतुर्थ श्रेणी कर्मचारी म्हणून सुरुवात, २०१० ला सरन्यायाधीश. पारशी म्हणजे पैसेवाला, हा समज इथं मोडतो.

आणि आपले भूषण गवई. हे सांगायला तर दारापूरहून पुढच्या रांगेत माणसं येऊन बसली आहेत. वडील दादासाहेब तिथले. शाळा अमरावतीची, फ्रेजरपुऱ्यातली नगरपालिकेची. १९८५ ला वकिली सुरू केली ती बॅरिस्टर राजा भोसल्यांच्या हाताखाली, म्हणजे माजी महाधिवक्ता, माजी न्यायमूर्ती. बघा, टेबल मिळालं. २००३ ला हायकोर्ट, २०१९ ला सर्वोच्च न्यायालय, १४ मे २०२५ ला सरन्यायाधीश. पहिले बौद्ध, आणि बालकृष्णन यांच्यानंतरचे दुसरे दलित. त्याच जुलैत दर्यापूरच्या नव्या कोर्ट इमारतीच्या उद्घाटनाला ते आले होते. गर्दी मावेना, मी मागं उभा होतो. भाषणं झाल्यावर मी आत जाऊन बार रूम पाहिली. नवी कोरी टेबलं, प्लास्टिकचं वेष्टणही निघालेलं नव्हतं. एका टेबलावर आत्ताच कोणीतरी डबा ठेवला होता.

मी तो उचलून खिडकीत ठेवला.

प्रश्न असतील ते बाहेर टपरीवर विचारा, ड्रायव्हर हॉर्न वाजवून राहिला.