पियानो गेला कुठे?

श्रोतेहो, नमस्कार.

एक म्हातारी शेजारच्या घरी आली, प्यायला पाणी मागितलं. नंतर बघतात तर काय, घरातला पियानो गायब!

१९३९ सालच्या 'पोदकिदिश' या सोव्हिएत चित्रपटात अरिशा नावाची मोलकरीण ही बातमी सांगते, आणि तीही अगदी गंभीर चेहऱ्यानं. पियानो म्हणजे काय पदराखाली लपवायची वाटी आहे? पण अरिशाच्या मनाला ती शंका शिवतसुद्धा नाही. चित्रपटाची गोष्ट खरं तर घरातून निघून मॉस्कोभर भटकणाऱ्या एका चिमुरडीची. अरिशाच्या वाट्याला त्यात जेमतेम काही मिनिटं. लोकांच्या तोंडी मात्र तो पियानो बसला तो बसलाच. पटकथाही अरिशा झालेल्या अभिनेत्रीचीच: अग्निया बार्तो या बालकवयित्रीबरोबर तिनंच ती लिहिली होती.

ही अरिशा म्हणजे रीना झेल्योनाया. रशियन भाषेत झेल्योनाया म्हणजे हिरवी. आपल्याकडे असत्या तर हिरवेबाई झाल्या असत्या! जन्म १९०१ चा, ताश्कंदचा. मूळ नाव येकातेरीना. ते जाहिरातीत मावेना, म्हणून पुढचं छाटलं आणि शेपूट तेवढं ठेवलं, असं सांगतात.

१९३१ साली सोव्हिएत संघातला पहिला बोलपट आला, त्यात गुंडांच्या टोळीतली एक पोरगी म्हणजे रीनाबाई. तिथून पुढं पन्नासहून जास्त वर्षं त्या पडद्यावर दिसत राहिल्या, बहुतेक वेळा कोपऱ्यात.

पण आम्हा रेडिओवाल्यांना त्या आपल्या वाटतात त्या वेगळ्याच कारणानं. रीनाबाई लहान मुलाच्या आवाजात बोलायच्या. आता ही नक्कल करणारे पुष्कळ असतात, पण बहुतेक जण आवाज चिरका करतात, थोडं बोबडं बोलतात आणि झालं. रीनाबाईंचं पोर विचारही पोरासारखाच करायचं. मध्येच अडखळायचं, दम घ्यायचं आणि ज्यातलं काही कळत नाही ते ठासून सांगायचं. रंगमंचावर आणि रेडिओवर त्यांनी हे वर्षानुवर्षं केलं. युद्धाच्या दिवसांत आघाडीवर जाऊन कार्यक्रम केले. मुलंबाळं मागे ठेवून आलेल्या जवानांना तो आवाज ऐकून काय वाटत असेल, त्याची कल्पनाच करावी.

१९४७ सालच्या 'वेस्ना' या चित्रपटातली रंगभूषाकाराची भूमिका तर लिहिलेली होती पुरुषासाठी. ती रीनाबाईंनी आपल्याकडे घेतली. समोर बसलेल्या नायिकेचा चेहरा न्याहाळत त्या म्हणतात, "असले ओठ आता कुणी घालत नाही." जणू ओठ म्हणजे गेल्या वर्षीचे कानातले!

सत्तरी ओलांडल्यावर 'बुरातिनो' या लाकडी बाहुल्याच्या गोष्टीवरच्या चित्रपटात त्या तोर्तीला कासवीण झाल्या. बुरातिनोला सोन्याची किल्ली देणारी तीनशे वर्षांची आजी. गाणंही स्वतःच गायल्या.

मग आली मिसेस हडसन, शेरलॉक होम्सची घरमालकीण. १९७९ ते १९८६ या काळात लेनफिल्म या चित्रपट स्टुडिओनं टीव्हीसाठी होम्सचे पाच चित्रपट केले, एकूण ११ भाग. लंडनची बेकर स्ट्रीट उभी केली होती रिगा शहरात. कॉनन डॉयलच्या कथांत या बाईंना कामच किती? दार उघडायचं, न्याहारी आणून ठेवायची. भूमिका वाचून रीनाबाई म्हणाल्या म्हणे, "चला, फर्निचरचं काम मी अजून केलं नव्हतं." आणि केलं! लिवानोवचा होम्स आणि सोलोमिनचा वॉटसन यांच्यामागे ही किरकोळ म्हातारी नुसती उभी राहिली, तरी त्या खोलीला घरपण यायचं.

सोव्हिएत संघाची 'लोककलाकार' ही सर्वोच्च पदवी त्यांना मिळाली तेव्हा त्या नव्वदीला टेकल्या होत्या. हुकमावर सही झाली त्याच दिवशी मॉस्कोत रीनाबाई गेल्या. तारीख होती १ एप्रिल, साल १९९१.