नाव ठेवलं कुणी?

(दृश्य: माळ्यावरून खाली काढलेला तांब्याचा हंडा. काठाजवळ ठिपक्याठिपक्यांनी ठोकलेली अक्षरं.)

हा हंडा माझ्या आजीच्या लग्नातला. काठाला बारीक ठिपके ठोकून अक्षरं घातली आहेत : ‘चि. सौ. कां.’ आणि त्यापुढे एक नाव. दर दिवाळीला चिंच लावून घासता घासता ते नाव झिजत गेलं. पहिलं अक्षर ‘य’ असेल किंवा ‘प’. पुढे काना आहे की वेलांटी, तेही आता बोट फिरवून कळत नाही.

आजीच्या रेशनकार्डावर तिचं सासरचं नाव होतं. मतदारयादीत तेच आणि पोस्टाच्या पासबुकातही तेच. तिच्या बाराव्याला कुणीतरी विचारलं, माहेरचं नाव काय हो यांचं? घर भरलेलं होतं, पण सांगता कुणालाच आलं नाही. जे नाव तिने पहिली दहा-बारा वर्षं हाकेला ओ देत वागवलं, ते या काठावर तेवढं उरलंय. अर्धंमुर्धं.

त्या दिवसापासून एक प्रश्न माझ्या डोक्यातून जात नाही. नाव माणसाचं असतं खरं, पण ते ठेवतं कोण?

(दृश्य: पाळणा. झालर, खेळणं, खाली घुगऱ्यांचं पातेलं.)

आपल्या भाषेत नावाचं बरंच काही करता येतं. नाव काढता येतं, नाव बुडवता येतं. नाव घेता येतं, नाव टाकताही येतं. ‘नाव ठेवणं’ तर एका अनुस्वाराने पार उलटं होतं. बाळाला नाव ठेवतात आणि सुनेला नावं ठेवतात.

पाचवी-सहावीच्या रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळावर त्याचं नशीब लिहून जाते, असं मानतात. तिच्यासाठी कोरा कागद आणि लेखणी मांडून ठेवायची रीत अजून कितीतरी घरांत आहे. नशीब देवीने लिहायचं आणि नाव माणसांनी ठेवायचं, अशी ही वाटणी. मग बारावा दिवस. बायका पाळण्याभोवती जमतात. वरवंट्याला अंगडं-टोपडं घालून तो पाळण्याच्या खालून-वरून एकमेकींच्या हातात देतात : कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या. दगडाला आधी देवाची नावं मिळतात, बाळाची पाळी त्याच्यानंतर. आत्या वाकून बाळाच्या कानात ‘कुर्र’ करते, नाव सांगते आणि तेवढ्यात तिच्या पाठीत धपाटे बसतात. आईने नऊ महिने पोटात वाढवलेलं लेकरू, पण नावाचा मान तिच्या नणंदेचा. लहानपणी मला या धपाट्यांची गंमत वाटायची. आता वाटतं, तो हिशेब कुणीतरी कधीतरी असा चुकता केला असेल.

पत्रिका बघणाऱ्या घरांत अक्षर गुरुजी सांगतात. सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, प्रत्येक चरणाला एक अक्षर. अश्विनीला चू, चे, चो, ला. इथवर ठीक. पण आर्द्रेच्या वाट्याला ‘ङ’ आलाय आणि हस्ताच्या वाट्याला ‘ण’. या अक्षरांवरून नाव तरी काय ठेवणार? म्हणून हे नावरस नाव पत्रिकेत राहतं आणि हाक मारायचं नाव वेगळंच निघतं. मग लाडाचं तिसरं. टिळकांचं पाळण्यातलं नाव केशव. पण घरात ‘बाळ’ म्हणत आणि इतिहासानेही बाळच ठेवलं.

(दृश्य: जुन्या हजेरीपटाची पिवळी पानं. बोट नावांवरून सरकतंय.)

जुना हजेरीपट चाळलात तर काही नावांपाशी थबकायला होतं. दगडू. धोंडू. केरबा. भिकू. नथू.

ही नावं हसण्यावारी नेऊ नका, त्यांच्यामागे छोटे छोटे मृत्यू उभे आहेत. आधीची दोन-तीन मुलं हाती लागली नाहीत की पुढचं मूल लपवायचं. काळापासून लपवायचं तर कुठे? नावात. हा दगड आहे, याला नेऊन काय करशील? हा घरातला केर आहे. कुठे मूल क्षणभर उकिरड्यावर ठेवून परत उचलत. कुठे शेजारणीच्या ओटीत घालून पुन्हा भीक म्हणून मागून घेत, तो भिकू. मुलाचं नाक टोचून त्यात नथ अडकवली, मुलगी समजून काळ पुढे गेला, तो नथू. आपल्याच लेकराला केर म्हणताना त्या आईच्या तोंडाला काय चव आली असेल! पण तिला ते जगवायचं होतं.

धोंडूचं आणखी एक कारण असतं. अधिक मासाला आपण धोंड्याचा महिना म्हणतो. साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी येणाऱ्या त्या महिन्यात जन्मला तरी मूल धोंडूच. स्त्रियांच्या शिक्षणासाठी आयुष्य झिजवणारे महर्षी कर्वेही धोंडोच, धोंडो केशव कर्वे. १८५८ साली जन्मलेला हा धोंडा शंभरी ओलांडून गेला.

आता त्याच हजेरीपटात मुलींच्या रकान्यात या. नकुसा. नकुशी. नकोशी.

वरवर पाहिलं तर केरबा आणि नकुसा एकाच माळेतले मणी. दोन्ही नावं बाळाला कमी लेखणारी. पण जरा जवळ जाऊन ऐका. केरबाची आई काळाला सांगते, याला नेऊ नकोस. नकुसाच्या घरचे देवाला सांगतात, आता अशी पुन्हा पाठवू नकोस. तिसरी, चौथी मुलगी झाली की हे नाव ठेवायचं, म्हणजे पुढचा मुलगा होतो, ही समजूत. मुलीचं नाव मुलीसाठी नव्हतंच, ते अजून न जन्मलेल्या भावासाठी होतं. तिने मात्र ते शाळेत रोज सकाळी ‘हजर’ म्हणत उचलायचं.

२००१ च्या जनगणनेत महाराष्ट्रात शून्य ते सहा वयाच्या हजार मुलग्यांमागे ९१३ मुली होत्या. २०११ मध्ये ८९४. ज्या आल्याच नाहीत त्यांची नावं कुठल्याच पटावर नाहीत. ज्या आल्या त्यांच्यातल्या काहींची नावं अशी.

(दृश्य: सातारा. अजिंक्यताऱ्याचा पायथा, बसस्थानक, शाळेत निघालेल्या मुली.)

ऑक्टोबर २०११. सातारा जिल्ह्यात गावोगावच्या नकुसा शोधल्या गेल्या. यादी २८० च्या वर गेली. मग एक सोहळा झाला. त्याला दुसरं बारसंच म्हणावं लागेल, फक्त पाळणा नव्हता. ठेवणीतले कपडे घालून, वेण्या-रिबिनी बांधून मुली रांगेत उभ्या राहिल्या. एकेकीच्या हातात नव्या नावाचं प्रमाणपत्र आणि फुलांचा लहानसा गुच्छ. आणि हे नाव कित्येकींनी स्वतः निवडलेलं होतं. कुणी ऐश्वर्या झाली, कुणी वैशाली. आत्या नाही, गुरुजी नाही, नक्षत्राचं अक्षर नाही. आपल्याला काय म्हणून हाक मारावी हे एक शाळकरी मुलगी ठरवते आहे. आपल्याकडे हे किती विरळा आहे!

याच साताऱ्यात नावाची आणखी एक नोंद आहे.

(दृश्य: राजवाड्यातली शाळा. लाकडी खांब, चौक.)

७ नोव्हेंबर १९००. राजवाड्यात भरणाऱ्या इंग्रजी शाळेच्या रजिस्टरमध्ये एक नाव चढलं : भिवा रामजी आंबेडकर. आज ही शाळा प्रतापसिंह हायस्कूल म्हणून ओळखली जाते आणि ७ नोव्हेंबर राज्यात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. घराणं सकपाळांचं. मूळ गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. गावावरून आंबडवेकर, आणि त्याचं आंबेडकर झालं. याच आडनावाचे एक शिक्षक आपल्यावर माया करत आणि शाळेच्या दप्तरात हे आडनाव त्यांनीच केलं, ही आठवण बाबासाहेबांनी सांगितलेली आहे.

पण माझं लक्ष ‘भिवा’कडे जातं. नाव भीमच, फक्त शेपूट वेगळं. गणपती एकच, पण माणूस कोण आहे यावरून तो गणपतराव होतो, गणपतपंत होतो, गणपा होतो नाही तर गण्या होतो. पिढ्यान् पिढ्या गावाने काहींना ‘राव’ दिलं आणि काहींना ‘या’वरच ठेवलं. वयाने आजोबा झालेल्या माणसाला पाटलाचं पोरगं ‘अरे गण्या’ म्हणायचं. रजिस्टरमधल्या भिवापासून भीमरावापर्यंतची वाट किती लांबीची होती, हे त्या दोन नावांकडे नुसतं पाहिलं तरी कळतं.

आडनावांचं प्रकरण एरवी एवढं दुखरं नाही. ती बहुतेक कामावरून नाही तर गावावरून चिकटली. पाटील, कुलकर्णी, देशमुख ही कामं. चिटणीस, फडणीस यांतला ‘नीस’ फारसीतला ‘नवीस’, म्हणजे लिहिणारा. काम असं चिकटतं की घराण्याचं मूळ आडनावच मागे पडतं. नाना फडणवीस हे खरे बाळाजी जनार्दन भानू. होळचे ते होळकर. कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंनी तर गावं अशी उचलली की ऐकून आपला कोकणी माणूस उडतोच : पेणकर, रोहेकर, किहीमकर, नवगावकर. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद, म्हणून गाव त्यांना शनिवार तेली म्हणे. १९४८ नंतर यातली बरीच कुटुंबं इस्रायलला गेली. तिथे त्यांनी ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिक चालवलं. अलिबागच्या किनाऱ्यावरचं किहीम आता त्या वाळवंटी देशातल्या घरांच्या दारांवरही आहे.

(दृश्य: लग्नमंडप. ताटात पसरलेले तांदूळ, सोन्याची अंगठी.)

हंड्याकडे परत येते.

सप्तपदी झाली, सून उंबऱ्यावरचं माप ओलांडून आत आली. आता ताटात तांदूळ पसरायचे आणि वराने अंगठीने त्यात वधूचं नवं नाव लिहायचं. पेढे वाटायचे. सगळे वाकून वाचतात, टाळ्या वाजतात. काल रात्री मेंदी काढताना जिला मैत्रिणी एका नावाने चिडवत होत्या, ती आज दुपारपासून दुसरीच कुणी.

कल्याणची यमुना नऊ वर्षांची असताना गोपाळराव जोशींशी लग्न होऊन आनंदी झाली. १८८६ साली अमेरिकेतून डॉक्टर झाली ती आनंदीबाई. गोदूबाई विधवा होत्या, १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांशी पुनर्विवाह झाला आणि त्याही आनंदीबाई झाल्या. झाशीच्या राणीला आपण लक्ष्मीबाई म्हणतो. माहेरी ती मणिकर्णिका होती. या बायकांची दोन्ही नावं आपल्याला ठाऊक आहेत, कारण त्या मोठ्या झाल्या. बाकीच्यांच्या नशिबी हंड्याचा काठ.

आणि जिचं नाव असं सहज बदललं, तिने नवऱ्याचं नाव मात्र तोंडाने उच्चारायचं नाही. ‘इकडून’ म्हणायचं, ‘अहो’ म्हणायचं. घ्यायचंच तर उखाण्यात, चार ओळींच्या आडोशाने. माझी आजी उखाण्यांत हुशार होती म्हणतात. आजोबांचं नाव तिने शेकडो वेळा नव्या नव्या यमकात बसवलं. तिच्या पहिल्या नावाचं यमक कुणी जुळवलं नाही.

लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कुठलाही कायदा या देशात नाही. हे मी मुद्दाम सांगते, कारण बदलावंच लागतं अशी समजूत अजून अनेक मुलींच्या मनात असते.

(दृश्य: सरकारी कार्यालयाची खिडकी. जन्मनोंदीचा कोरा अर्ज.)

मार्च २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने एक निर्णय घेतला. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळाचं नाव सरकारी कागदांवर कसं लिहायचं, याचा क्रम ठरला. आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, शेवटी आडनाव. बाळ आणि बाप यांच्या मधल्या जागेत आता आई आहे.

जन्माची नोंद एकवीस दिवसांत करायची असते. तेव्हा नाव ठरलेलं नसलं तरी चालतं. रकाना मोकळा सोडता येतो. पुढे वर्षभरात नाव विनाशुल्क घालता येतं, शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. पंधरा वर्षं! तोवर ती मुलगी स्वतःच्या हाताने तो रकाना भरू शकेल, इतकी मोठी झालेली असते.

(दृश्य: पुन्हा पाळणा. खिडकीतून ऊन. अर्ज टेबलावर, नावाचा रकाना कोरा.)

आमच्या घरात गेल्या महिन्यात मुलगी झाली. आत्या मी. उद्या बारसं आहे. वरवंटा धुऊन ठेवलाय, घुगऱ्यांचे हरभरे भिजत घातलेत. नाव काय ते मी मघाशी बाळाच्या आईला विचारलं. तिने माझ्या कानाशी येऊन हळूच सांगितलं. उद्या तेच मी बाळाच्या कानात सांगणार आहे.