बरणीतला मासा, भिंतीवरची सीता

नमस्कार, श्रोतेहो.

डोळ्यांनी बघायची गोष्ट आज कानांवर घालायची आहे, म्हणून तुम्हालाच थोडं कामाला लावते. घरातली पारदर्शक प्लास्टिकची गोल बरणी घ्या, लेबल काढा. सीडीवर लिहायच्या पेनाने तिच्यावर एक मासा काढा आणि त्याच्या बरोबर विरुद्ध बाजूला मांजर. रात्री दिवे घालवून मोबाइलचा टॉर्च बरणीमागे धरा आणि बरणी सावकाश फिरवा. भिंतीवर मासा डावीकडे निघाला तर मांजर उजवीकडे. दोघं एकमेकांच्या अंगातून आरपार जातात. टॉर्चजवळ असेल तो फुगलेला, पुसट. लांबचा लहान आणि रेखीव. अर्धी फेरी झाली की मासा मांजरापेक्षा मोठा!

मुंबईच्या चित्रकार नलिनी मलानी यांचे छायाखेळ याच गमतीवर उभे आहेत. जन्म १९४६चा, कराचीचा. फाळणीत कुटुंब इकडे आलं, शिक्षण जे. जे.मध्ये. त्यांच्याकडे बरणीच्या जागी मायलरची, म्हणजे पारदर्शक फिल्मची, मोठाली नळकांडी टांगलेली असतात आणि ती संथ फिरत राहतात. २००१च्या 'ट्रान्सग्रेशन्स'मध्ये अशी चार होती, २०१२ साली जर्मनीतल्या कासेलला पाच. टॉर्चच्या जागी प्रोजेक्टर. त्यातलं चलच्चित्र नळकांड्यांतून गाळून भिंतीवर पडतं.

फिल्मवरचं चित्र पाठीमागून, उलटं रंगवलेलं. आपण चेहरा आधी रंगवतो आणि डोळ्यातली बाहुली शेवटी. इथे बाहुली आधी, गाल नंतर, पार्श्वभूमी सगळ्यात शेवटी. चुकलं तर वरून हात मारून झाकायची सोयच नाही. हे तंत्र त्यांनी चित्रकार भूपेन खख्खर यांच्याकडून घेतलं. रंग पातळ असेल तिथून उजेड पाझरतो, आणि सावलीसुद्धा रंगीत पडते.

आपल्या कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर कलावंत चामड्याच्या बाहुल्या नाचवतात, तेव्हा दिवा आणि माणूस दोन्ही पडद्याआड. मलानींच्या खोलीत आडपडदा नाही. नळकांडी, प्रोजेक्टर, सगळं उघड्यावर. तरी भिंतीकडे नजर गेली की ते विसरायला होतं.

विषय मात्र गमतीचे नाहीत. फाळणी, दंगली, बाईवर होणारी हिंसा. सीता, ग्रीक पुराणकथांतल्या मेडिया, कॅसांड्रा अशा बायका. मला वाटतं, स्थिर कॅनव्हासवर हे एवढं अंगावर आलं नसतं. इथे एक आकृती दुसरीला गिळते, पुढच्या फेरीत तीच लहान होऊन निसटते. मोठं कोण, हे दिव्याजवळ कोण आहे त्यावर.

आणि बघणारा खोलीत फिरता फिरता प्रकाशाच्या वाटेत आला, की त्या रंगीत बायकांच्या मध्येच एक काळा ठोकळा उगवतो. क्षणभर कळत नाही. मग मान हलवली की तोही हलतो.