टोपीतून आरपार गेलेली मूठ

श्रोतेहो, नमस्कार.

आज बोलायचंय ते इयन होम या ब्रिटिश नटाविषयी. तुमच्यापैकी अनेकांनी त्यांना पडद्यावर पाहिलंय, नाव तेवढं लक्षात राहिलेलं नाही. म्हणून पुन्हा सांगतो: इयन होम.

जन्म १९३१चा, एसेक्समधला. वडील मनोरुग्णालयात डॉक्टर. उंची बेताची, साडेपाच फुटांच्या आसपास. शेक्सपिअरच्या नाटकांत घडलेला हा नट. हॅरॉल्ड पिंटर यांच्या नाटकासाठी १९६७ साली त्यांनी न्यूयॉर्कचं टोनी पारितोषिक मिळवलं. आणि १९७६मध्ये, ऐन भरात असताना, रंगमंचावर त्यांची वाचाच बसली. शब्द आठवेनात. पुढची बरीच वर्षं ते रंगभूमीपासून जवळजवळ लांबच राहिले.

नाटक सुटलं, कॅमेरा राहिला. टीव्हीवर नेपोलियन ते आधीच झाले होते; आता हिटलरचा साथीदार हिमलर झाले, ‘पीटर पॅन’चे लेखक जे. एम. बॅरीही झाले. ‘एलियन’ पाहिलेल्यांना तो यंत्रमानव आठवत असेल, ज्याच्या अंगातून रक्ताऐवजी दुधासारखं पांढरं काहीतरी वाहतं. तेही इयन होमच.

आता मला जे सांगायचंय त्याकडे येतो. १९८१चा चित्रपट, ‘चॅरियट्स ऑफ फायर’. १९२४चं पॅरिस ऑलिंपिक, शंभर मीटरची धाव. धावणारा हॅरॉल्ड एब्रहॅम्स, आणि त्याचा प्रशिक्षक सॅम मुसाबिनी, म्हणजे आपले इयन होम. त्या काळी हौशी खेळाचं सोवळं फार कडक. पैसे घेऊन शिकवणाऱ्या माणसाला स्टेडियमच्या आत मान नाही. मग ज्यानं पोराचं एकेक पाऊल घासूनपुसून घेतलं, तो शर्यतीच्या वेळी कुठे? बाहेर, हॉटेलच्या खोलीत, एकटा. पुन्हा सांगतो, शिष्य मैदानात आणि गुरू खोलीत. आपण शर्यत पाहतो, तो पाहत नाही.

कोण जिंकलं, त्याला कळायला मार्ग नाही. मग खिडकीतून एक झेंडा वर चढताना दिसतो. ब्रिटनचा! राष्ट्रगीताचे सूर येतात. तो उभा राहतो. मग पलंगावर बसतो. हातात गवताची ती कडक टोपी. आणि एकदम मूठ वळून टोपीत असा ठोसा हाणतो, की माथा फुटून मूठ आरपार! मग तोंडातून दोनच शब्द: माझं पोर.

शेजाऱ्यांच्या व्हिडिओवर मी हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा टेप तीनदा मागे घेतली होती. ना भाषण, ना हुंदके. एक बुटका, म्हातारा माणूस, एक पलंग, एक फाटलेली टोपी. दहावीच्या केंद्राबाहेर कुंपणाला धरून उभे राहिलेले आमचे गणिताचे मास्तर मला त्या क्षणी दिसले. आजही हे सांगताना गळा दाटतो.

या कामासाठी त्यांना ऑस्करचं नामांकन मिळालं, ‘सहायक अभिनेता’ म्हणून. हा शब्द मला मुळीच पटत नाही. वरणातल्या मिठाला कुणी सहायक म्हणतं का? आणि एक बोलूनच टाकतो. हल्ली टीव्हीवर नामावली सुरू झाली की ती आक्रसून कोपऱ्यात ढकलतात, वाचताही येत नाही. ज्यांनी राबून काम केलं त्यांची नावं दोन मिनिटं नीट दाखवायला काय हरकत आहे?

असो. त्याच १९८१ साली बीबीसी रेडिओवर ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ची सव्वीस भागांची श्रुतिका झाली. त्यात कथेचा नायक फ्रोडो कोण? इयन होम. नुसता आवाज, टोपी नाही, मूठ नाही, फक्त आवाज! वीस वर्षांनी तीच कथा पडद्यावर आली, तेव्हा फ्रोडोचा म्हातारा काका बिल्बो झाले तेही इयन होमच. तरुण पुतण्या रेडिओवर, म्हातारा काका पडद्यावर.

मधल्या काळात रंगभूमीवरची ती भीतीही त्यांनी मागे टाकली. १९९७ साली लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये ते ‘किंग लिअर’ म्हणून उभे राहिले.

पुढे बिल्बोच्याच गोष्टीवरच्या ‘हॉबिट’ चित्रपटांच्या वेळी पार्किन्सनच्या आजारानं त्यांना गाठलं होतं. न्यूझीलंडचा प्रवास झेपणारा नव्हता. मग त्यांच्या प्रसंगांचं चित्रीकरण लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत करण्यात आलं. नट जाऊ शकत नव्हता, म्हणून बिल्बोचं घर त्याच्या गावाजवळ आलं.