मुदतपूर्व बदली झाली? मॅटमध्ये काय टिकतं ते बघा

नमस्कार. मुदत संपायच्या आत बदलीचा आदेश हातात पडला की बहुतेकांच्या अर्जात पहिलं वाक्य असतं, मुलगी दहावीला आहे, आई आजारी आहे. अडचण खरी असते, पण तेवढ्यावर बदली रद्द होत नाही. बदली हा नोकरीचाच भाग आहे, असं सर्वोच्च न्यायालय वर्षानुवर्षं सांगत आलंय. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजेच मॅट, मुख्यतः तीन गोष्टी बघतं: कायदा मोडलाय का, आदेश काढणाऱ्याला अधिकार होता का, आणि मागे आकस आहे का.

महाराष्ट्रात राज्य कर्मचाऱ्यांसाठी 2005 चा बदल्यांचा अधिनियम आहे. गट अ, ब आणि क यांची पदावरची सर्वसाधारण मुदत 3 वर्षं. मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याला एका कार्यालयात अशा दोन मुदती, म्हणजे 6 वर्षं मिळतात. गट ड ला ठरावीक मुदत नाही. बदल्यांचा हंगाम एप्रिल-मे.

आता कलम 4 नीट वाचा, कारण खरी लढाई इथेच होते. हंगामाबाहेर 'विशेष कारणास्तव' केलेली मध्यावधी बदली पोटकलम 4 मध्ये येते, मुदतपूर्व बदली पोटकलम 5 मध्ये. दोन्हीकडे कारण लेखी नोंदवावं लागतं आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते.

आदेशात नुसतं "प्रशासकीय कारणास्तव" लिहिलंय म्हणून आदेश पडेल, असं समजू नका. कारण नस्तीत, म्हणजे बदलीच्या कार्यालयीन फाइलमध्ये, असलं तरी चालतं. म्हणून नस्ती मागवायला लावायची. ती समोर आली की टिपणी ओळीओळीने वाचा. लोकप्रतिनिधीचं शिफारसपत्र जोडलंय आणि खाली फक्त "मान्य" आणि सही, इतकंच असेल तर तो तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा. मग तारखा. मान्यतेची सही आदेशानंतरची असेल, तर ती 'पूर्व'मान्यता कशी? नागरी सेवा मंडळाची, म्हणजे बदल्यांची शिफारस करणाऱ्या अधिकाऱ्यांच्या समितीची, बैठक खरंच झाली का, इतिवृत्तावर सगळ्या सदस्यांच्या सह्या आहेत का, हेही बघा. तक्रारीवरून बदली झाली असेल तर निदान प्राथमिक चौकशी तरी झाली होती का? बदलीच्या नावाखाली शिक्षा देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये स्पष्ट केलंय.

आणि वेळ. मॅटमध्ये अर्जाला एक वर्षाची मुदत आहे, पण बदलीत ती काही कामाची नाही. तुम्ही कार्यमुक्त झालात आणि तुमच्या खुर्चीवर दुसरा रुजू झाला, की स्थगिती मिळणं फार अवघड होतं. त्यामुळे आदेश मिळेल त्याच दिवशी खात्याला निवेदन द्या, पोच घ्या, पण उत्तराची वाट बघत बसू नका. आधी खात्याकडे दाद मागा, हा नियम 'सर्वसाधारणपणे' लागू होतो. तातडी असेल तर ती अर्जात सविस्तर मांडा. माहिती अधिकारात कागद यायला 30 दिवस लागू शकतात, म्हणून त्यासाठी अर्ज अडवून ठेवू नका.

मूळ अर्जाला आदेश, पदावर रुजू झाल्याचा अहवाल आणि निवेदनाची पोच जोडा. तुमच्या जागी येणाऱ्याला प्रतिवादी करायला विसरू नका. त्याला न ऐकता त्याच्या विरोधात आदेश मिळणं कठीण, आणि बरेच अर्ज इथेच लटकतात.

मॅटची पीठं मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला. पोलिसांना मुदतीचे नियम वेगळे, महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम 22न चे, पण दाद मॅटमध्येच. जिल्हा परिषदेचे शिक्षक मात्र मॅटमध्ये येत नाहीत, त्यांनी उच्च न्यायालयात रिट याचिका करायची. मॅटचा निकाल विरोधात गेला तर उच्च न्यायालयाचं खंडपीठ आहेच.

स्थगिती मिळाली नाही, तर घरी बसू नका. अर्ज प्रलंबित आहे म्हणून रुजू न होणं म्हणजे गैरहजेरी. 1989 च्या गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात अशा कर्मचाऱ्याची नोकरी गेली आणि सर्वोच्च न्यायालयाने ती कारवाई कायम ठेवली. नव्या ठिकाणी जा, रुजू अहवालात "न्यायाधिकरणातील अर्जाच्या अधीन राहून आणि हक्क अबाधित ठेवून" एवढी ओळ लिहा, आणि त्याची पोच घेतलेली प्रत वकिलाकडे पाठवा.